जामिनाचा अर्ज आणि पूर्वनकाराचें निवेदन

सोलापूरच्या दक्षिणेस होटगी येथें रायचूरचा व विजापूर-गदगचा असे दोन लोहमार्ग फुटतात. या गांवच्या आरोपीचा जामीनअर्जहि टप्प्याटप्प्यानें पुढें जातो: प्रथम सोलापूरचा मॅजिस्ट्रेट, मग तेथीलच सेशन्स कोर्ट, शेवटीं उच्च न्यायालय. मागील टप्प्यावर काय घडलें हें पुढील न्यायाधीशास बहुधा वकिलाच्याच मुखानें कळतें. तें त्यानें सांगितलें पाहिजे, या नियमाचा पूर्वेतिहास आम्ही येथें थोडक्यांत पाहूं.

मुंबई इलाख्यांतील बोधप्रद उदाहरण १८९७ चें होय. त्या वर्षीं २७ जुलैस लोकमान्य टिळकांस राजद्रोहाच्या आरोपावरून अटक झाली. मॅजिस्ट्रेटानें जामीन नाकारला. उच्च न्यायालयांत न्या. मू. पार्सन्स व न्या. मू. रानडे यांनींहि तो नाकारला. मात्र पुनः अर्ज करण्यास वाव ठेवला. खटला सेशन्सकडे गेल्यावर बॅ. दिनशा दावर यांनीं ४ ऑगस्टला न्या. मू. बद्रुद्दीन तय्यबजी यांच्यापुढें अर्ज मांडला, व तो मंजूर झाला. पूर्वीचा नकार येथें उघड होता. बदलली होती ती परिस्थिति. यावरून दिसतें कीं, नकारानंतर फिरून मागणें गैर नव्हे; तो नकार झांकणें गैर.

१९०८ सालीं तेच दावर न्यायासनावर होते. जुलैच्या आरंभीं बॅ. जिना यांनीं टिळकांसाठीं जामीन मागितला, तो दावरांनीं नाकारला. यांत कित्येकांस विसंगति दिसते. परंतु वकील अशिलाची बाजू मांडतो, स्वतःचें मत नव्हे. म्हणून त्याचा युक्तिवाद न्यायाधीशास बांधीत नाहीं. त्यानें सांगितलेल्या वस्तुस्थितीवर मात्र न्यायाधीशास विसंबावें लागतें. सत्यनिवेदनाचें कर्तव्य याच भेदावर उभें आहे.

पुढें एकाच आरोपीचे अर्ज शक्यतों एकाच न्यायाधीशापुढें जावे, असें सर्वोच्च न्यायालयानें १९८७ सालीं सांगितलें. ओरिसांतील एका प्रकरणांत तर सर्वोच्च न्यायालयांत अर्ज पडून असतांना उच्च न्यायालयाकडून जामीन मिळविला गेला. त्यावर जानेवारी २०२४ मध्यें, प्रत्येक अर्जांत पूर्वीच्या व प्रलंबित अर्जांचा स्पष्ट उल्लेख असावा, असें त्या न्यायालयानें बजावलें.

१८ ऑगस्ट २०२५ पासून सोलापूर जिल्ह्याचीं प्रकरणें मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर येथील खंडपीठाकडे गेलीं आहेत. होटगीच्या माणसास कोर्ट जवळ आलें. पण त्याचा पहिला अर्ज मुंबईस नामंजूर झाला असेल व दुसरा कोल्हापुरास मांडला गेला, तर पहिल्याचा उल्लेख अधिकच अगत्याचा ठरतो. दप्तर तपासतां येतें, हें खरें; तथापि प्रत्येक शब्द पडताळून पाहण्याची पाळी कोर्टावर आली, तर सुनावणी लांबेल, आणि त्याची शिक्षा भोगील तो तुरुंगांतील प्रामाणिक अर्जदार. सबब, पूर्वनकार सांगणें ही केवळ कोर्टाची सोय नव्हे. पुढच्या आरोपीच्या स्वातंत्र्याचें तें रक्षण आहे, असें आमचें मत आहे.