शब्दवेध : गार्डा

आयर्लंडमध्ये पोलिसाला ‘गार्डा’ म्हणतात. शब्द इंग्रजी ‘गार्ड’च्या कुळातला, आपली ‘गारद’ही त्याच गोतातली. १९२२ साली ब्रिटिश अमलातलं सशस्त्र पोलीसदल गेलं आणि नवं आलं : ‘गार्डा शीओखाना’, म्हणजे शांततेचे राखणदार. बहुतेक जण बिनबंदुकीचे! मला हे नावच फार उमदं वाटतं.

केन ब्रूएनच्या ‘द गार्ड्स’ (२००१) या कादंबरीतला जॅक टेलर हा बडतर्फ गार्डा. गॉलवेच्या पबमध्ये बसून तो खासगी तपास करतो. ज्या देशानं खबऱ्यांचा पिढ्यान्‌पिढ्या तिरस्कार केला, तिथे खबरेगिरीच्या इतका जवळ जाणारा हा धंदा करायला छातीच हवी. नोकरी गेली तरी खात्याचा ओव्हरकोट मात्र त्यानं सोडलेला नाही. खातं परत मागतं, हा देत नाही.