लॉ कॉलेजच्या प्रवेशाचे वाद : न्यायालय कधी ऐकते?

बाबासाहेब १९३५ साली मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयाचे प्राचार्य झाले. आज त्याच महाविद्यालयात, किंवा फोर्टमधल्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या सिद्धार्थ लॉ कॉलेजात जागा मिळावी म्हणून नायगाव, परळ, लालबागची मुले सीईटी देतात. प्रवेशाचे अर्ज भरून देताना एक गोष्ट कायम दिसते. गुण पुरेसे असतात, जागा हुकते ती तारखेपाशी, शुल्कापाशी किंवा दाखल्यापाशी. मग प्रश्न येतो, कोर्टात जायचे का?

काही निकाल माहीत असलेले बरे. बार कौन्सिलने १७ सप्टेंबर २०१६ च्या परिपत्रकाने वयाची अट परत आणली होती : पाच वर्षांच्या अभ्यासक्रमाला २०, तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाला ३०, मागासवर्गीयांना थोडी सवलत. नोकरी करून उशिरा शिकणाऱ्यांवर हा थेट घाव होता. मार्च २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली.

२०२० मध्ये कोरोनाच्या काळात बंगळुरूच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठाने 'क्लॅट' सोडून स्वतःची परीक्षा जाहीर केली. जाहिरात ३ सप्टेंबरला, परीक्षा १२ सप्टेंबरला, तीही घरच्या संगणकावर. दहा बाय बाराच्या खोलीत सहा माणसे राहतात, तिथे ही परीक्षा कशी द्यायची? २१ सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली आणि प्रवेश क्लॅटमधूनच देण्यास सांगितले.

तिसरे प्रकरण लॉचे नाही, पण मुंबईचे आहे. २०२१ मध्ये आयआयटी मुंबईत जागा मिळालेल्या एका दलित विद्यार्थ्याचे शुल्क तांत्रिक अडचणीमुळे मुदतीत भरले गेले नाही. मुंबई उच्च न्यायालयात त्याला दिलासा मिळाला नाही. तो थांबला नाही. २२ नोव्हेंबरला सर्वोच्च न्यायालयाने कलम १४२ वापरून त्याला जागा द्यायला लावली. कोणाचीही जागा न काढता.

कसोटी काय, हे २०१९ च्या एस. कृष्णा श्रद्धा निकालात स्पष्ट आहे : विद्यार्थ्याची चूक नसावी आणि त्याने दिरंगाई न करता दाद मागितलेली असावी. निकाल वैद्यकीय प्रवेशाचा आहे, तरी धडा सगळीकडे लागू पडतो. प्रवेश संपल्यावर दोन महिन्यांनी गेलात तर न्यायाधीशही हात वर करतात.

दाखल्याबाबत मात्र न्यायालय कडक आहे. जुलै २०१७ च्या जगदीश बहिरा निकालानुसार जातीचा दावा अवैध ठरला की त्यावर मिळालेला प्रवेशही टिकत नाही. बौद्धांना १९९० च्या दुरुस्तीने केंद्राच्या अनुसूचित जातीच्या सवलती मिळाल्या, पण यादी जातींची आहे. म्हणून क्लॅटसाठी दाखल्यावर धर्मांतरापूर्वीची जात नोंदलेली हवी. नुसते 'बौद्ध' चालत नाही. ती जात पुन्हा लिहायला जिवावर येते, हे खरे. तरी दाखला आणि वैधता अकरावी-बारावीतच काढून ठेवा.

अडचण आली तर त्याच दिवशी लेखी तक्रार ईमेलने करा, पडद्यावरच्या चुकीचा फोटो आणि बँकेचा संदेश जपा. उच्च न्यायालयात कलम २२६ खाली रिट याचिका करता येते. वकिलाच्या फीची धास्ती घेऊ नका : विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार अनुसूचित जातीच्या व्यक्तीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, त्याला उत्पन्नाची अट नाही. मदतीचा क्रमांक १५१००.