हौशी चित्रफिती : कौटुंबिक आठवण ते ऐतिहासिक दस्तऐवज

व्यावसायिक हेतूशिवाय, कुटुंबातील वा परिसरातील प्रसंगांचे केलेले चित्रीकरण म्हणजे हौशी चित्रफीत. ईस्टमन कोडॅक कंपनीने १९२३ मध्ये १६ मिलिमीटर आणि १९३२ मध्ये अधिक स्वस्त अशी ८ मिलिमीटर फिल्म बाजारात आणल्याने हा छंद रुजला.

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने जपानी वंशाच्या एक लाखाहून अधिक रहिवाशांना छावण्यांत डांबले. युटा राज्यातील टोपाझ छावणीत कॅमेऱ्यास मनाई असतानाही तेथील बंदिवान डेव्ह तात्सुनो यांनी एका कर्मचाऱ्याच्या साहाय्याने गुप्तपणे आणलेल्या कॅमेऱ्याने दैनंदिन जीवन रंगीत फिल्मवर टिपले. ‘टोपाझ’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या चित्रफितीचा १९९६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत समावेश झाला. वसाहतकाळात ब्रिटिश कुटुंबांनी भारतात केलेले असेच चित्रीकरण केंब्रिज विद्यापीठाच्या दक्षिण आशियाई अभ्यास केंद्रात जतन केलेले आहे.

जुन्या ॲसिटेट फिल्मचे उष्ण व दमट हवेत विघटन होते. व्हिनेगरसारखा वास हे त्याचे लक्षण होय. अशी फिल्म थंड, कोरड्या जागी ठेवावी आणि डिजिटल प्रत काढल्यावरही मूळ फिल्म टाकून देऊ नये. चित्रातील व्यक्ती, स्थळ व वर्ष यांची नोंद घरातील ज्येष्ठांकडून वेळीच करून घेणे तितकेच आवश्यक असते. फिल्मची प्रत पुन्हा काढता येते. चेहरे ओळखणारी पिढी गेल्यावर ती नावे परत मिळवणे मात्र कठीण असते.