बांबूचं पंचांग

इतिहास शिकवायचा म्हणजे आधी कालखंड पाडायचे. सातवाहन, यादव, बहामनी, शिवकाल, पेशवाई, इंग्रजी अंमल. फळ्यावर एक आडवी रेघ ओढायची आणि तिच्यावर राजांची नावं टांगत जायचं. वर्गात मी वर्षानुवर्षं हेच केलं.

पण एखाद्या प्रदेशाचे कालखंड राजाने नव्हे तर एका गवताने पाडले असतील तर? काळाची दोरी एका वनस्पतीच्या हाती आणि माणसांचं जगणं-मरणं तिच्या पाळीवर, असं कुणी सांगितलं तर आपण म्हणू, ही कादंबरी झाली! पण मंडळी, असा प्रदेश आपल्याच देशात आहे. मिझोरम.

मिझोरमच्या डोंगरांवर बांबूची दाट वनं आहेत. (बांबू म्हणजे शास्त्राच्या हिशेबी गवतच.) त्यात सर्वांत जास्त आढळणारी जात म्हणजे मेलोकॅना. मिझो लोक तिला मौताक म्हणतात. हा बांबू साधारण ४८ वर्षं नुसता वाढत राहतो आणि मग डोंगरच्या डोंगर एकदम फुलावर येतात. फळं धरतात, चांगली पेरूएवढी, गरदार. ती गळून पडतात आणि सगळी बेटं वाळून मरतात. त्याच बियाणाचं रोप दूरवर नेऊन लावलं तरी ते घरच्या भावंडांबरोबरच फुलतं, असे दाखले आहेत. ही मोजदाद तो कशी ठेवतो, हे कोडं अजून पुरतं सुटलेलं नाही.

या फळांवर उंदीर तुटून पडतात. खायला मुबलक, त्यामुळे वीण वाढते. उंदरीण तीन आठवड्यांत विते, म्हणजे काही महिन्यांत काय होत असेल याचा हिशेब ज्याचा त्याने करावा. मग फळं संपतात, उरलेल्यांना कोंब फुटतात आणि उंदरांच्या फौजा डोंगरउतारावरच्या भातात शिरतात. एका रात्रीत उभं शेत फस्त. कणग्यासुद्धा सुटत नाहीत. या दुष्काळाला मिझो भाषेत मौताम म्हणतात. मौ म्हणजे बांबू, ताम म्हणजे दुष्काळ.

जॅन्झन नावाच्या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९७६ मध्ये याची मोठी सुंदर उपपत्ती मांडली. बी खाणारे प्राणी कितीही आले तरी खाऊन संपणार नाही इतकं बी एकाच वेळी सांडायचं, म्हणजे काही तरी रुजेल. मधली वर्षं त्यांना उपाशी ठेवायचं. हा बांबूचा डाव उंदरांशी आहे. माणूस त्यात विनाकारण भरडला जातो.

आता वर्षं पाहा. मौताम १८६२, १९११, १९५९, २००७. बांबूची आणखी एक जात आहे, तिचाही असाच फेरा. त्याला थिंगताम म्हणतात. त्याची वर्षं १८८१, १९२९, १९७७. मौतामनंतर सुमारे १८ वर्षांनी थिंगताम, थिंगतामनंतर ३० वर्षांनी पुन्हा मौताम. मिझो भाषेला लिपी मिळाली ती १८९४ मध्ये आलेल्या लॉरेन आणि सॅव्हिज या मिशनऱ्यांमुळे. त्याआधी लिहिलेलं काही नाही, पण काळाच्या खुणा पक्क्या.

आपल्याकडेही आज्या 'प्लेगच्या साली' नाहीतर 'बहात्तरच्या दुष्काळात' अशी जन्मसालं सांगत. पण प्लेग किंवा बहात्तरचा दुष्काळ पुढे कधी येणार हे कुठे ठाऊक असतं? मिझो माणसाचा बांबू मागचंही सांगतो आणि पुढचंही. फक्त एक अडचण आहे. ४८ वर्षांचा फेरा माणसाला आयुष्यात फार तर दोनदा दिसणार, एकदा लहानपणी आणि एकदा म्हातारपणी. म्हणून हे ज्ञान आजोबांकडून नातवाकडेच जायला हवं. मधे एक पिढी ऐकेनाशी झाली की संपलं.

१९५८ मध्ये नेमकं हेच झालं. तेव्हा हा भाग आसाम राज्यातला एक जिल्हा होता. जाणत्या माणसांना खुणा दिसू लागल्या होत्या. ऑक्टोबरमध्ये मिझो जिल्हा परिषदेने ठराव केला की बांबू फुलणार, दुष्काळ येणार, आधीच तयारीसाठी १५ लाख रुपये द्यावेत. आसाम सरकारने ही आदिवासींची अंधश्रद्धा म्हणून बाजूला सारली. मला नवल याचं वाटतं की १८८१ आणि १९११ च्या दुष्काळांच्या नोंदी इंग्रजांच्या दफ्तरात होत्या. म्हाताऱ्यांवर विश्वास नव्हता तर नव्हे, निदान आपलंच दफ्तर उघडून बघायचं!

१९५९ मध्ये बांबू वेळेवर फुलला. सरकारी मदत पोचेना, तेव्हा तरुण पोरं पाठीवर तांदूळ घेऊन डोंगर चढू लागली. त्यांची संघटना मिझो नॅशनल फॅमिन फ्रंट, पुढारी लालडेंगा, पूर्वीचा लष्करातला हवालदार. ऑक्टोबर १९६१ मध्ये या नावातला 'फॅमिन' हा शब्द गळला आणि मिझो नॅशनल फ्रंट हा राजकीय पक्ष उभा राहिला. १९६६ च्या मार्चमध्ये त्याने स्वातंत्र्याची घोषणा केली. ५ मार्चला भारतीय हवाई दलाच्या विमानांनी ऐझॉलवर मारा केला. आपल्याच देशातल्या गावावर! १९६७ पासून खेडीच्या खेडी उठवून लोकांना रस्त्याकडेच्या वस्त्यांत डांबलं गेलं. समझोता झाला ३० जून १९८६ रोजी, आणि २० फेब्रुवारी १९८७ ला मिझोरम राज्य झालं. बंडाला इतरही कारणं होती, सगळं खापर बांबूवर फोडता येणार नाही. पण १५ लाखांची ती मागणी वेळेवर मानली असती तर... असो. इतिहासात 'तर'ला जागा नसते, असं आम्हीच मुलांना सांगत आलो.

पुढचा अंक पाहा. २००७ चा मौताम आला तेव्हा मुख्यमंत्री होते झोरामथांगा. पक्ष तोच, दुष्काळातून जन्मलेला. या खेपेला तयारी होती. उंदराच्या शेपटीमागे दोन रुपये बक्षीस होतं, आणि उंदीर तोंड लावत नाहीत म्हणून आलं-हळद लावायला प्रोत्साहन दिलं होतं. तरी पिकं गेलीच. लोक नाराज झाले, आणि २००८ च्या डिसेंबरात या पक्षाचे ४० पैकी अवघे ३ आमदार निवडून आले. एका फुलोऱ्याने जन्म दिला आणि पुढच्याने सत्तेवरून उतरवलं.

हिशेबाने २०२५ च्या सुमारास थिंगतामची पाळी येते आणि पुढचा मौताम २०५५ च्या आसपास. तेव्हा मी नसेन. आज शाळेत असलेली पोरं तेव्हा अधिकारी, मंत्री झालेली असतील. अधिकाऱ्याची बदली तीन वर्षांनी, सरकारची मुदत पाच वर्षं आणि बांबूची अठ्ठेचाळीस! एवढ्या लांब पल्ल्याची आठवण कुठल्याही खुर्चीला राहत नाही. ती घरातल्या म्हाताऱ्या माणसांकडेच असते.