९ सप्टेंबर : मोरांना कायद्याचं कवच

१९७२ : वन्यजीव संरक्षण कायद्याला राष्ट्रपती व्ही. व्ही. गिरी यांनी या दिवशी संमती दिली. वन्यजीव हा तेव्हा राज्यांच्या अखत्यारीतला विषय. त्यामुळे ११ राज्यांच्या विधिमंडळांनी ठराव केले, तेव्हाच संसदेला हा कायदा करता आला. मराठवाडा त्या वर्षी दुष्काळात होरपळत होता.

पुढे १९९४ मध्ये याच मराठवाड्यातल्या बीड जिल्ह्यातल्या पाटोदा तालुक्यात नायगाव मयूर अभयारण्य झालं. बालाघाट डोंगररांगेच्या खडकाळ माळावर मोर टिकून राहिले, ही या दुष्काळी जिल्ह्याची खरी श्रीमंती. चिंकाराही इथे आढळतो. मोर कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. त्यामुळे त्याची शिकार करणाऱ्याला किमान ३ वर्षांची कैद. उन्हाळ्यात पाणवठे आटतात, तेव्हा मात्र मोरांना कायद्याआधी पाणी हवं असतं.