केंब्रिज विद्यापीठाची चिन्हे व समारंभप्रतीके

इंग्लंडमधील केंब्रिज विद्यापीठाची ढालचिन्ह, बोधवाक्य, रौप्यदंड, पोशाख आणि पदवीदानाचे विधी ही परंपरागत चिन्हे. मध्ययुगीन यूरोपातील विद्यापीठ म्हणजे मुख्यत्वे गुरुशिष्यांचा एक अधिकारसंपन्न संघ होता. आपल्या सदस्यांवर नियंत्रण ठेवणे, त्यांचे तंटे सोडविणे आणि अध्यापनाचा परवाना देणे हे त्याचे प्रमुख अधिकार. ते अधिकार सर्वांना दिसावेत व मान्य व्हावेत, यासाठी ही चिन्हे निर्माण झाली. त्यामुळे त्यांचा इतिहास हा सजावटीचा इतिहास नसून, विद्यापीठात सत्ता कोणाची आणि प्रवेश कोणाला, या प्रश्नांचा इतिहास होय.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : ऑक्सफर्डमधील नगरवासीयांशी झालेल्या संघर्षानंतर तेथून निघालेले काही विद्वान १२०९ मध्ये केंब्रिज येथे आले, ही विद्यापीठाची सुरुवात मानली जाते. १२३१ मध्ये तिसऱ्या हेन्रीने या विद्वानसंघास संरक्षण दिले आणि १३१८ मध्ये बाविसावा पोप जॉन याने त्याच्या विद्यापीठीय दर्जास मान्यता दिली. सनदा व मुद्रांकित कागदपत्रे हाच विद्यापीठाच्या अधिकाराचा आधार असल्याने नगरवासीयांचा रोषही त्यांच्यावरच ओढवला. १३८१ च्या शेतकरी उठावाच्या वेळी विद्यापीठाची कागदपत्रे बाजारचौकात जाळण्यात आली. परिणाम मात्र उलट झाला. दुसऱ्या रिचर्डने नगराला शिक्षा म्हणून पाव व बिअर यांच्या विक्रीवरील देखरेखीचा अधिकार विद्यापीठाकडे सोपविला.

ढालचिन्ह : १५७१ मध्ये पार्लमेंटच्या अधिनियमाने ऑक्सफर्ड व केंब्रिज या विद्यापीठांना निगम म्हणून वैधानिक मान्यता मिळाली. त्यानंतर दोनच वर्षांनी, १५७३ मध्ये, कुलचिन्हाधिकारी रॉबर्ट कुक याने केंब्रिजला ढालचिन्ह बहाल केले. ढालीची पार्श्वभूमी लाल असून तीवर अर्मिन या प्राण्याच्या लोकरीचा, म्हणजे पांढऱ्यावर काळे ठिपके असलेला क्रूस आहे. क्रूसाच्या चार बाजूंस चार सोनेरी सिंह असून ते चालताना समोर पाहत आहेत. क्रूसाच्या मध्यभागी आडवा ठेवलेला, सोनेरी कड्यांनी बंद केलेला लाल ग्रंथ आहे. हा ग्रंथ म्हणजे बायबल होय. सिंह राजसत्तेशी असलेले नाते सुचवितात, तर क्रूस व ग्रंथ धर्माशी असलेले. ऑक्सफर्डच्या ढालीवरील ग्रंथ उघडा आहे, केंब्रिजच्या ढालीवरील बंद. या फरकावरून दोन्हीकडच्या विद्यार्थ्यांत थट्टा चालत आली आहे. विद्यापीठाचे बोधवाक्य ‘हिंक लूसेम एत पोकुला साक्रा’ असे लॅटिन भाषेत असून ‘येथूनच प्रकाश आणि पवित्र पेयपात्रे’ असा त्याचा शब्दशः अर्थ होतो. विद्यापीठाच्या मुद्रणालयाच्या जुन्या चिन्हात मातृरूप विद्यापीठाच्या हातांत सूर्य व पेयपात्र दाखविलेले आहे.

महाविद्यालयांची चिन्हे : बहुतेक जुन्या महाविद्यालयांनी आपल्या संस्थापकांची कुलचिन्हे धारण केली. गॉनव्हिल अँड कीझ महाविद्यालयाच्या चिन्हात त्याचा पुनर्संस्थापक, वैद्य जॉन कीझ (१५१०–७३) याला १५६१ मध्ये मिळालेले चिन्ह समाविष्ट आहे. त्यात संगमरवरी शिळेवर उभे असलेले दोन सर्प, त्यांच्या मधोमध ग्रंथ आणि त्यांच्या मस्तकांवर सदाहरित वनस्पती आहे. सर्प हे विवेकाचे, ग्रंथ विद्येचा, वनस्पती अमरत्वाची आणि शिळा सद्गुणाच्या स्थैर्याची निदर्शक आहे. याच महाविद्यालयाच्या तीन प्रवेशद्वारांना कीझने विनय, सद्गुण आणि सन्मान अशी नावे दिली. विद्यार्थी पहिल्या द्वाराने आत येतो, दुसऱ्यातून ये-जा करीत शिकतो आणि पदवी घेण्यासाठी तिसऱ्यातून सेनेट हाउसकडे जातो. येथे चिन्ह ढालीवर न राहता वास्तूत उतरले आहे.

रौप्यदंड आणि अधिकार : समारंभप्रसंगी कुलपती किंवा कुलगुरू यांच्या पुढे दोन मानकरी, आपल्याकडील चोपदारांप्रमाणे, रौप्यदंड घेऊन चालतात. हे दंड बकिंगहॅमचा ड्यूक जॉर्ज व्हिल्यर्झ याने १६२६ मध्ये कुलपती झाल्यावर भेट दिले, असे मानले जाते. आज ते केवळ मानाचे असले, तरी त्यांच्यामागील सत्ता एके काळी प्रत्यक्ष होती. शिस्तीची व्यवस्था पाहणारे प्रॉक्टर रात्री गावातून फिरत आणि विद्यार्थ्यांच्या संगतीत आढळलेल्या, वर्तनाविषयी संशय असलेल्या स्त्रियांना पकडून कुलगुरूंपुढे उभे करीत. कुलगुरूंना अशा स्त्रियांना विद्यापीठाच्या बंदिगृहात टाकता येई. १८९१ मधील एका प्रकरणाने या व्यवस्थेविरुद्ध मोठा क्षोभ उसळला आणि १८९४ च्या अधिनियमाने हा अधिकार रद्द झाला. अधिकार गेला, दंड मात्र राहिले.

पोशाख : विद्यापीठीय झग्याचे मूळ मध्ययुगीन धर्मोपदेशकांच्या वेशात आहे. बी.ए. पदवीधराच्या काळ्या हुडाला पांढऱ्या लोकरीचे, तर एम.ए.च्या हुडाला पांढऱ्या रेशमाचे अस्तर असते. विद्येच्या सर्वोच्च पदव्या धारण करणारे विशिष्ट दिवशी किरमिजी झगे घालतात. कुलपतींचा सोनेरी कलाबतूचा काळा रेशमी झगा इतका लांब असतो, की त्याचे टोक मागून सेवकाला उचलून धरावे लागते. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत विद्यार्थ्यांना सायंकाळनंतर गावात झगा घालूनच वावरावे लागे. ‘झगा’ हा शब्द विद्यापीठीय समाजाचा आणि ‘गाव’ हा नगरवासीयांचा वाचक ठरला, यावरून हा वेश दोघांतील सीमारेषा कशी दाखवीत असे हे लक्षात येते.

पदवीदानविधी : सेनेट हाउस हे पदवीदानाचे सभागृह १७३० मध्ये बांधून झाले. महाविद्यालयाचा प्रतिनिधी चार उमेदवारांना एकदम पुढे आणतो. प्रत्येक जण त्याच्या उजव्या हाताचे एकेक बोट धरतो. नंतर उमेदवार कुलगुरूंपुढे गुडघे टेकून हात जोडतो. कुलगुरू ते आपल्या ओंजळीत घेऊन लॅटिनमध्ये पदवी प्रदान करतात. सामंताने स्वामीला निष्ठा वाहण्याच्या मध्ययुगीन रीतीशी या विधीचे साम्य आहे. सूत्रातील ख्रिस्ती त्रैक्याचा उल्लेख पदवीधराच्या इच्छेनुसार आता गाळता येतो. पूर्वी अँग्लिकन पंथाबाहेरील व्यक्तींना पदवी मिळत नसे. १८५६ व १८७१ च्या अधिनियमांनी ही धार्मिक अट बहुतांशी दूर झाली.

स्त्रिया व विद्यापीठाची चिन्हे : धर्माची अट गेल्यावरही स्त्रिया बाहेरच राहिल्या. गर्टन (१८६९) आणि न्यूनम (१८७१) ही महाविद्यालये निघाली. १८८१ पासून स्त्रियांना परीक्षांना बसता येऊ लागले. परंतु पदवी मिळत नसे. १८९० मध्ये फिलिपा फॉसेट या विद्यार्थिनीने गणिताच्या परीक्षेत पहिल्या क्रमांकाच्या पुरुषापेक्षाही अधिक गुण मिळविले. तिचे नाव ‘सीनियर रँग्लरच्या वर’ असे वाचले गेले, पण सीनियर रँग्लर हा किताब त्या पुरुषाकडेच राहिला. १८९७ मध्ये स्त्रियांना पदव्या देण्याचा प्रस्ताव मतदानास आला, तेव्हा सेनेट हाउससमोर सायकलवर बसलेल्या स्त्रीचा पुतळा टांगण्यात आला आणि प्रस्ताव मोठ्या मताधिक्याने फेटाळला गेला. १९२१ मध्ये स्त्रियांना पदवीचे केवळ नाव देण्यात आले, सदस्यत्व नाही. त्याच वेळी विद्यार्थ्यांच्या जमावाने न्यूनमच्या प्रवेशद्वाराची मोडतोड केली. पूर्ण सदस्यत्व १९४८ मध्ये मिळाले. त्या वर्षी पदवी स्वीकारणारी पहिली स्त्री म्हणजे राणी एलिझाबेथ (सहाव्या जॉर्जची पत्नी) होय. तिला सन्माननीय पदवी देण्यात आली. कलकत्ता विद्यापीठाने १८८३ मध्येच दोन स्त्रियांना पदवी दिली होती आणि त्याच दशकात मुंबई विद्यापीठातून नाशिक येथे जन्मलेल्या कॉर्नेलिया सोराबजी पदवीधर झाल्या होत्या, हे येथे उल्लेखनीय आहे.

क्रम आणि विडंबन : गणिताच्या परीक्षेतील क्रमवारीला केंब्रिजमध्ये मोठी प्रतिष्ठा होती. १८९९ मध्ये रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे (१८७६–१९६६) हे सेंट जॉन्स महाविद्यालयाचे विद्यार्थी संयुक्तपणे सीनियर रँग्लर झाले. हा मान मिळविणारे ते पहिले भारतीय असून महाराष्ट्रात ते ‘रँग्लर परांजपे’ म्हणूनच ओळखले जातात. याच यादीतील शेवटच्या विद्यार्थ्याला त्याचे सोबती सेनेट हाउसमध्ये लाकडी चमचा अर्पण करीत; कालांतराने हा चमचा वल्ह्याएवढा मोठा झाला. १९०९ नंतर क्रमवारी जाहीर करणे बंद झाले आणि चमच्याची प्रथाही संपली.

भारतातील अनुकरण : कलकत्ता, मुंबई व मद्रास येथील १८५७ ची विद्यापीठे लंडन विद्यापीठाच्या नमुन्यावर स्थापन झाली. तथापि त्यांच्या पदवीदानातील झगा, हुड व मिरवणूक ही ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या जुन्या परंपरेतूनच आली. बोधवाक्यांसाठी मात्र अनेक विद्यापीठांनी संस्कृत वचने निवडली. मुंबई विद्यापीठाचे ‘शीलवृत्तफला विद्या’ हे त्याचे परिचित उदाहरण. हा झगा परकीय सत्तेचा अवशेष आहे, अशी टीका २०१० मध्ये एका केंद्रीय मंत्र्याने भोपाळ येथील पदवीदान समारंभात झगा उतरवून केली. २०१९ मध्ये विद्यापीठ अनुदान आयोगाने या समारंभांसाठी हातमागाची वस्त्रे वापरण्याचे आवाहन केले.

केंब्रिजच्या ढालीवरील सिंह, क्रूस व बंद ग्रंथ चार शतकांहून अधिक काळ बदललेले नाहीत. त्या ढालीखाली पदवी घेण्यास कोण पात्र, याची व्याख्या मात्र याच काळात पालटत गेली.