प्रयोजक आणि प्रयोज्य : श्वानसहयोगी कलेतील कर्तृत्वाचा प्रश्न

रोलाँ बार्थ यांचा लेखकाच्या मृत्यूविषयीचा निबंध १९६७ साली प्रसिद्ध झाला आणि १९६९ साली मिशेल फूको यांनी ‘लेखक’ ही संकल्पनाच व्याख्यानाचा विषय केली. या चर्चेत कर्ता विवाद्य ठरला, परंतु तो मनुष्य असणार हे गृहीतच राहिले. त्या गृहीताची परीक्षा दृश्यकलेच्या क्षेत्रात मात्र लवकरच सुरू झाली.

अमेरिकन चित्रकार विल्यम वेगमन १९७० साली अध्यापनासाठी कॅलिफोर्नियात आले. तेथे त्यांनी वायमरानर जातीचा एक कुत्रा पाळला आणि दादा-अतिवास्तववादी कलावंत मान रे यांचे नाव त्याला दिले. सत्तरच्या दशकातील त्यांच्या अल्पावधी व्हिडिओकृतींत हा कुत्रा वारंवार दिसतो. एका कृतीत वेगमन रांगत रांगत कॅमेऱ्यापासून दूर जातात आणि तोंडातील दुधाची रेघ जमिनीवर सोडतात. नंतर कुत्रा ती रेघ चाटत कॅमेऱ्याकडे येतो. रेषा काढणारा मनुष्य आहे, तर ती पुसणारा कुत्रा. दुसऱ्या एका कृतीत वेगमन कुत्र्यासमोर बसून त्याने लिहिलेल्या शब्दांच्या चुका समजावून सांगतात. कुत्रा मान कलती करून ऐकतो. भाषा आणि आवाज यांतील अंतर हाच तेथील विनोदाचा आशय होय.

या कृतींचा कर्ता कोण? येथे आपल्या व्याकरणपरंपरेचे साहाय्य घेता येते. पाणिनीने स्वातंत्र्य हे कर्त्याचे लक्षण मानले. कर्त्याला प्रवृत्त करणाऱ्यास त्याने ‘हेतु’ म्हटले आणि त्यालाही कर्तृसंज्ञा दिली. प्रयोजकाच्या प्रेरणेने प्रयोज्याचे कर्तृत्व लोपत नाही, हे या व्यवस्थेचे मर्म आहे. दूध सांडणे ही वेगमन यांची योजना असली, तरी चाटण्याची गती, खंड आणि समाप्ती कुत्र्याच्या स्वाधीन आहेत. म्हणून त्याला प्रयोज्य कर्ता म्हणणे अतिशयोक्तीचे ठरत नाही.

समकालीन उदाहरणांशी तुलना केल्यास हा भेद अधिक स्पष्ट होतो. योझेफ बॉइस यांनी मे १९७४ मध्ये न्यूयॉर्कच्या रेने ब्लॉक दालनात एका कायोटीच्या सहवासात तीन दिवस प्रयोग केला. कायोटी हा कुत्र्याच्या कुळातील वन्य प्राणी. बॉइस यांच्या योजनेत तो मूलनिवासी अमेरिकेचे प्रतीक होता. पण त्याने नमद्याची वस्त्रे फाडली, अंथरलेल्या वृत्तपत्रांवर मूत्रविसर्जन केले, आणि प्रतीकाच्या पलीकडचे आपले अस्तित्व दाखवून दिले. ओलेग कुलिक यांनी १९९४ साली मॉस्कोत स्वतःच नग्नावस्थेत कुत्र्याची भूमिका केली. तेथे श्वानत्व आहे, श्वान नाही. त्यामुळे सहयोगाचा प्रश्नच उद्भवत नाही. २००७ साली मानाग्वा येथे गिलेर्मो वार्गास यांनी एक भटका कुत्रा दालनात बांधून ठेवला आणि भिंतीवर कुत्र्याच्या खाद्याची अक्षरे लावली. या कृतीवर जगभर निषेध उमटला. प्रेक्षकांच्या उदासीनतेची परीक्षा हा तिचा हेतू मानला, तरी बांधलेल्या प्राण्याला काही करण्याचा अवकाशच उरत नाही. तो केवळ करण ठरतो.

सहयोग ही संज्ञा वापरण्याचा निकष त्यामुळे प्राण्याची उपस्थिती हा नसून, त्याच्या वर्तनाने कृतीची घडण बदलू शकते की नाही, हा आहे. या निकषावर वेगमन यांची नंतरची कारकीर्दही एकसंध राहत नाही. मोठ्या आकाराच्या पोलरॉइड छायाचित्रांत वेशभूषा व मांडणी यांचे प्राबल्य वाढते. कुत्रा पुष्कळदा स्थिर राहण्याचेच काम करतो, आणि प्रयोज्याचे स्वातंत्र्य संकोचते. स्थिर राहण्यास नकार देण्याची शक्यता मात्र तेथेही पूर्णतः नाहीशी होत नाही.

मान रे १९८२ साली मरण पावला. त्या वर्षी ‘व्हिलेज व्हॉइस’ या न्यूयॉर्कच्या साप्ताहिकाने त्याला ‘वर्षातील पुरुष’ म्हणून गौरविले. गौरवासाठी त्याला मनुष्याची उपाधी द्यावी लागली, हे लक्षणीय आहे. संग्रहालयांच्या नोंदींत या कृती वेगमन यांच्याच नावे आहेत. कुत्र्याचे नाव आढळते ते शीर्षकात वा वर्णनात. लेखकाच्या मृत्यूची घोषणा झाल्यानंतरही कर्त्याच्या रकान्यात प्रयोज्याला स्थान मिळालेले नाही.